मामंजींची मुडद्यांची फेरी

आमचे मामंजी, म्हणजे माझे सासरे, लोकांना नगर दाखवायचे. आता दाखवायचे म्हणजे काही पोटापाण्याचा धंदा नव्हता तो, नुसती हौस. ओळखीपाळखीत कुणाकडं परगावचा पाहुणा आला, की जेवणं आटोपल्यावर ती माणसं पाहुण्याला आमच्या दारात आणून सोडायची. "जरा यांना गाव दाखवा," म्हटलं की मामंजींनी टोपी चढवलीच, काठी घेतलीच.

पण गाव काय दाखवायचे? वाटेत देऊळ लागलं, दर्गा लागला, तर उभ्या उभ्या हात जोडून पुढं. आणि जिथं कुणाचं डोकं उडालं, कुणाला हत्तीच्या पायी दिलं, कुणाला विष घातलं, तिथं मात्र काठी रोवून उभे! आवाज असा खाली आणायचे की पाहुणे आपोआप जवळ सरकायचे. निजामशाहीत माणसं मारण्याच्या जेवढ्या तऱ्हा झाल्या तेवढ्या त्यांना पाठ. त्यातलं खरं किती आणि पदरचं किती, ते त्यांनाच ठाऊक. सासूबाई त्याला मुडद्यांची फेरी म्हणायच्या. "गेले का मुडदे दाखवायला?" असं भरल्या घरात विचारायच्या.

मी पारनेरकडची. लग्न होऊन आले आणि पहिल्याच आठवड्यात मलाही ती फेरी घडली. पुढं कितीतरी दिवस मी दिल्ली दरवाजाखालून भाजीला जायचे ती वर न बघता.

आता सांगते ते त्या मोठ्या दुष्काळातलं. बहात्तर साल सरून त्र्याहत्तर लागलं होतं. नळाला पाणी यायचं ते करंगळीएवढं, आणि त्यासाठी मी आणि माझी नणंद पहाटे हंडे लावून बसायचो. तिथंच एकदा ती मला म्हणाली, "वहिनी, हे पुणतांब्याकडचं जमलं तर बरं होईल गं."

एवढंच म्हणाली. पण याआधी दोन-तीन ठिकाणची माणसं येऊन बघून गेली होती, तेव्हा या पोरीनं हूं की चूं केलं नव्हतं. हा मुलगा साखर कारखान्यात नोकरीला. एकदा मित्राला घेऊन येऊन तिला बघून गेला होता. जाताना वहाणा घालायचं विसरून तसाच पायऱ्या उतरला, आणि ते तिनं दाराआडून बघितलं होतं. तेव्हापासून तिचं मन तिथं अडकलं होतं.

स्थळ आणणाऱ्या गृहस्थांनी निरोप आणला. मुलाला मुलगी पसंत, आईवडलांची ना नाही, पण त्या घरात शेवटचा शब्द मुलाच्या आत्याचा. त्यांच्या थोरल्या भाच्याची बायको लग्नानंतर वर्षाच्या आत तापानं गेली होती. आत्याबाईंनी मनाशी धरलं होतं की तिच्या माहेरच्या घरातच काहीतरी दोष होता आणि तो तिच्याबरोबर आला. तेव्हापासून त्या मुलगी मागाहून बघायच्या, आधी घर.

ते गृहस्थ गेले. तशा सासूबाई मामंजींकडं वळल्या.

"ऐकलंत ना? त्या दिवशी तोंडाला कुलूप."

"मी काय बोलतो?"

"तुम्ही मुडद्यांशिवाय बोलता काय?"

आत्याबाई आल्या त्या भाच्याला घेऊन, आगगाडीनं. किरकोळ अंगाच्या, पांढरं पातळ, पण नजर अशी की घरातलं मांजरसुद्धा उठून बाजूला झालं. घर कसलं, दोन खोल्या, न्हाणी आणि पुढं रस्त्याला लागून ओटा. त्यांनी आढ्याकडं बघितलं, न्हाणीत डोकावल्या, चुलीपाशी घटकाभर उभ्या राहिल्या. जेवणं झाली. सगळं बरं चाललं होतं. आणि आत्याबाई मामंजींना म्हणाल्या, "दादा, तुमी लोकांना गाव दाखवता म्हनं. चला की, गाडीला लई येळ हाय."

सासूबाईंच्या हातातला भांड्यांचा ढीग वाजला. नाही कसं म्हणायचं? त्यांनी मला आत ओढलं. "तू जा मागनं. यांनी मुंडकं काढलं की तू भाजीचा भाव काढ."

निघालो. पुढं मामंजी आणि आत्याबाई, मधे खाली मान घालून नवरामुलगा, मागं मी.

काय सांगू तुम्हाला, त्या दिवशी त्या माणसानं जी माघार घेतली! दिल्ली दरवाजापाशी त्यांची काठी नेहमीसारखी वर गेली. इथं वर मुंडकी टांगायचे, हे त्यांचं पहिलं वाक्य असायचं. "इथं वर," ते म्हणाले, आणि माझ्याकडं बघितलं. "इथं वर... कंदील टांगायचे."

"कशापायी?" आत्याबाईंनी विचारलं.

"उजेडाला."

कापडबाजारातून पुढं होत आम्ही किल्ल्यापर्यंत चालत गेलो. किल्ला लष्कराच्या ताब्यात, आत कुणी सोडत नाही, म्हणून खंदकाच्या अलीकडं उभं राहूनच बघायचा. ही मामंजींची सगळ्यात आवडती जागा. आत हमामखान्यात एका शहाजाद्यानं आपल्या बापाला, सुलतानाला, कोंडलं आणि खाली जाळ लावून जीव घेतला, हे सांगताना त्यांना स्वतःलाच घाम फुटायचा. मी पदर तोंडाला लावून जीव मुठीत धरला.

"आत हमामखाना होता," मामंजी म्हणाले. "सुलतान तिथं अंघोळ करायचा."

"बरं. मग?"

"मग काय. स्वच्छ व्हायचा."

नवरामुलगा खोकला. मला वाटलं त्याला हसू आलं, पण खात्री नव्हती.

"आन् ती रानी?" आत्याबाई म्हणाल्या. "किल्ला लढवनारी. ती कशानं गेली?"

तिला तिच्याच माणसांनी मारलं, हे नगरचं शेंबडं पोरही सांगेल. मामंजींनी टोपी काढली, पुसली, परत घातली.

"दगदगीनं," ते म्हणाले. आणि माझ्या मनात आलं, हे माणूस पोरीसाठी काय काय करतंय!

परतताना मी अगदी हलकी झाले होते. गल्ली आली. कोपऱ्यावर आमची बांगडीवाली खाला दारातच बसलेली. आमच्या घराशी तिची रोजची उठबस. मला बघून ती तिथनंच ओरडली, "भाभी! यंदा कत्तलीला तुमच्याच ओट्यावर ना?"

"हो की. दुसरीकडं कुठं?"

"पण यंदा लाल होऊ द्या जरा. गेल्या साली अगदीच फिकं पडलं. आणि लहान पोरांना आधी उरका, मग मोठ्यांना घ्या. गेल्या खेपेला पोरं मागंच राहिली, रडून रडून जीव काढला."

"तुम्ही या ना हाताखाली, मग होतंय सगळं!" मी हसत म्हटलं आणि घरात शिरले.

मागं वळून बघते तर आत्याबाई ओट्याच्या खाली उभ्या. पातळ घोट्याच्या वर उचललेलं. त्या ओट्याला पाय न लावता, कडेच्या दगडावरून आत आल्या आणि भिंतीपासून लांब बसल्या. चहा पुढं केला तर हात हलवला. पाणी दिलं तर भांडं खाली ठेवलं.

बघायला आलेल्या माणसानं पाणी नाकारलं म्हणजे काय, ते आमच्या घरात कुणाला सांगायला नको होतं. सासूबाईंनी मामंजींना आत बोलावलं.

"काय सांगितलंत?"

"काही नाही!"

"शपथ घ्या."

"अगं, एकसुद्धा मुडदा काढला नाही. विचार हिला! राणीलासुद्धा दगदगीनं मारली!"

दाराआड नणंद उभी होती. हातात पोह्यांची बशी, बाहेर न्यायची म्हणून भरलेली. पोहे गार होत होते. ती माझ्याकडं बघेना, कुणाकडंच बघेना. हिच्याकडं असं बघत उभं राहणं मला होईना. मी बाहेर गेले आणि सरळ आत्याबाईंच्या पुढ्यात बसले.

"आत्याबाई, आमचं काही चुकलं का?"

त्यांनी मान फिरवली. शेवटी मुलगाच तोंड उघडून बोलला, कान लाल करून. "ते... ओट्यावर काय असतं म्हणाल्या त्या बाई?"

"कुठं? कत्तलीला?" मी म्हटलं, आणि माझ्याच तोंडचा शब्द माझ्या कानात पडला.

अहो, आम्हा नगरकरांना तो शब्द इतका रोजचा! मोहरमात सवारी निघते ती कत्तलची रात. सगळं गाव रस्त्यावर असतं, हिंदू नाही मुसलमान नाही, आणि जिच्या दारावरनं सवारी जाते ती बाई ओट्यावर हंडे मांडून सरबत वाटते. कत्तलीला ये, कत्तलीला लेकीला माहेरी आण, असं आम्ही दिवाळीसारखं बोलतो. त्या नावामागं केवढं दुःख आहे ते ठाऊक असतं, पण तोंडात शब्द गुळगुळीत झालेला. आणि आत्याबाईंच्या वस्तीवर ना ताबूत, ना सवारी. त्यांनी काय ऐकलं असेल? लाल करा. पोरांना आधी उरका. आणि वर मी खालाला हाताखाली बोलावतेय!

मला हसू आवरेना आणि रडूही आवरेना. मी काही सांगायच्या आत सासूबाईंनी दारातूनच हाक मारली, "खाला! ए खाला! इकडं ये आणि या माउलीला सांग तुला काय लाल पाहिजे ते!"

खाला आली, तिला गोष्ट कळली, आणि ती कपाळावर हात मारून ओट्यावरच बसली. "या अल्ला! आत्याबाई, सरबत हो, सरबत! गुलाबाचं. यांनी गेल्या साली रंग कमी घातला. तुमची ही होणारी सून लहानपणापासून याच ओट्यावर पेले भरते. हिच्या हातचं प्यायल्याशिवाय आमची पोरं पुढं सरकत नाहीत."

आत्याबाईंनी ओट्याकडं बघितलं. मग खालाकडं. मग त्यांचे खांदे हलायला लागले. आधी मला वाटलं रडतायत. "आगं बाई," त्या म्हणाल्या, "मी म्हनलं, मानसं एवढी ग्वाड, आन् वर्षाच्या वर्षाला पोरं कापत्यात!"

त्यावर मामंजी असे हसले की टोपी पडली.

आत्याबाईंनी पाण्याचं भांडं उचललं आणि घटाघटा प्यायल्या. सासूबाईंनी माझा दंड धरला होता तो तेव्हा सोडला. वळ उठले होते बोटांचे. "पोरीला बोलवा," आत्याबाई म्हणाल्या.

नणंद गार पोहे घेऊन बाहेर आली. आत्याबाईंनी तिला जवळ बसवलं. नाव नाही विचारलं, स्वयंपाक नाही विचारला.

"तुला कशाची भीती वाटती का गं?"

तिनं जरा विचार केला. "आतापर्यंत नव्हती वाटत," ती म्हणाली. "मघाशी तुम्ही पाणी खाली ठेवलंत ना, तेव्हा वाटली."

आत्याबाई तिच्याकडं बघत राहिल्या. मग त्यांनी बशी ओढून घेतली, पोह्यांचा एक घास तिलाच भरवला, आणि भाच्याला म्हणाल्या, "आता बसलायस काय? जा, सुपारी आन बाजारातनं." तो उठला आणि पायऱ्या उतरून तसाच अनवाणी पळाला.