पेंगेलींना मारायचं कसं

विल्फ्रेड टॅपस्कॉटनं बैरूतचं बंदर चार वेळा उडवलं होतं आणि कैरोत सहा खून पाडले होते. इस्तंबूलच्या गच्च्यांवरून किती माणसं पळवली याची तर गणतीच नाही. स्वतः मात्र तो मार्गेटच्या किनाऱ्यापलीकडे कधी गेला नव्हता. युद्धातसुद्धा लष्करानं त्याला ऑल्डरशॉटच्या कोठारात ब्लँकेटं मोजायला बसवलं. पुढं अकरा वर्षं त्यानं वॉटफर्डमध्ये घरोघरी गॅसचे मीटर वाचले. लोकांच्या जिन्याखाली वाकून वाकून पाठ धरली आणि डोक्यात हेर शिरले. टीव्हीवाल्यांना धाडलेली सातवी गोष्ट पसंत पडली, तेव्हा त्यानं नोकरी सोडली.

"सोडलीस ते ठीक," बायको एडिथ म्हणाली, "पण साहेबाशी भांडून नाही ना आलास? उद्या परत जावं लागलं तर?"

बोअरहॅमवुडच्या स्टुडिओतला कारभार मोठा काटकसरीचा. गोष्ट सुचण्याआधी लेखकानं शिल्लक काय आहे ते विचारायचं. कुणाच्या सिनेमातला पाणबुडीचा सेट मंगळवारपर्यंत उभा असेल, तर त्या आठवड्यात आपला हेर पाणबुडीत. सगळ्यात लाडका होता तो कड्यावरून कोसळणाऱ्या पांढऱ्या गाडीच्या फिल्मचा तुकडा. कुठल्याशा जुन्या चित्रपटातून उरलेला. निर्माता डग्लस हार्कर यानं तो इतका पिळला, की मालिकेतला झाडून सगळा दुष्ट मनुष्यवर्ग पांढरीच गाडी चालवू लागला.

त्या गाडीत बहुतेक वेळा ह्यूबर्ट पेंगेली असायचे. साठी उलटलेला, नाटकात मुरलेला नट. नऊ भागांत नऊ तऱ्हेच्या मिशा लावून ते नऊ वेळा मेले होते. पासष्ट सालच्या मार्चमध्ये विल्फ दहावं मरण लिहायला बसणार, तोच ते कँटीनमध्ये त्याच्यासमोर ताट घेऊन बसले.

"विल्फ, या खेपेला जरा ऐटीत मार रे बाबा. शेवटचंच आहे."

"शेवटचं? का बरं?"

"नट निवडणाऱ्या बाई म्हणाल्या, तुमचा चेहरा आता घरोघरी ओळखतात, मिशांनी भागत नाही. बघ की! लोकांनी ओळखावं म्हणून चाळीस वर्षं घासली, आणि ओळखलं तर घरी बसवतायत." ते मोठ्यानं हसले. ताटातलं मटणाचं पुडिंग मात्र तसंच राहिलं.

विल्फनंही आपलं ताट बाजूला सारलं. या माणसाला नऊ वेळा त्यानंच मारलं होतं. खलनायक एकदा जगला तर तोच चेहरा पुन्हा आणता येईल, हे त्याच्या ध्यानात आलं. त्यानं लिहिलं: गाडी कड्यावर लटकते, हेर दुष्टाला ओढून काढतो.

हार्करनं पानं टेबलावर आपटली.

"शुद्धीवर आहेस ना? लटकलेल्या गाडीला क्रेन लागते! घरचा तुकडा कपाटात पडलाय आणि तुला दया सुचतेय? गाडी खाली गेली पाहिजे. शुक्रवारी दुपारपर्यंत. नाहीतर पुढच्या तेरा भागांना मला लेखक पुष्कळ आहेत."

विल्फ घाबरला, चांगलाच घाबरला. त्या तेरा भागांचा करार हार्करच्या खणात सहीवाचून पडला होता. आणि तो गेला की वॉटफर्डचे जिने होतेच.

"मारून टाक ना त्यांना," एडिथ म्हणाली. "खोटं खोटंच तर मरायचंय."

"त्यांच्यासाठी खोटं नाही गं ते."

शुक्रवारी सकाळी त्यानं मुकाट्यानं टाइप केलं: गाडी कड्यावरून कोसळते. आणि बोटं थबकली. तो तुकडा त्यानं निदान वीस वेळा पाहिला होता. आत माणूस कुठं दिसतो? त्यानं पुढं लिहिलं: हेर धावत येऊन खाली डोकावतो. मागून आवाज येतो, "काडेपेटी आहे का हो आपल्याकडे?" रस्त्याकडेला दगडावर बसून म्हातारा खलनायक बुटातला खडा झटकतोय.

हार्करनं ते दोनदा वाचलं. खोट सापडेना. गाडी पडत होती, क्रेन लागत नव्हती.

"लबाडा," तो म्हणाला आणि त्यानं खण उघडला. "पुढच्या भागात काय करतो हा थेरडा?"

"पळून जातो," विल्फ म्हणाला. पुढचं त्याला अजून ठाऊक नव्हतं, पण हार्करची सही होत होती.

सोमवारी सकाळी सगळे नट वाचनाला टेबलाभोवती बसले. छोट्या कामांचे नट संहिता हाती आली की आधी शेवट बघतात, आपण कसे मरतो ते पाहायला. पेंगेलींनीही तेच केलं. पान उलटून बघितलं, मग टेबलाखाली वाकून बघितलं.

"विल्फ, माझं एक पान गळलंय रे. मी मेल्याचं."

"गळलं नाही. तुम्ही मरतच नाही."

"म्हणजे? आणि मिशी?"

"मिशी नाही. आपल्याच तोंडानं यायचं. पुढच्या भागातही."

पेंगेलींनी चष्मा काढून पुसला, परत लावला, आणि पहिलं पान उघडून सुरुवातीपासून वाचायला घेतलं.