तांब्याच्या गावची बाई

ती बाई हॉलमध्ये पहिल्यांदा माझ्या शेजारी येऊन बसली तेव्हा मी माझी पिशवी उचलून मांडीवर घेतली. तिनेही तिची पर्स पलीकडच्या बाजूला सरकवली. दोघींनी एकमेकींचं ते बघितलं आणि चहा प्यायला लागलो.

इथे आयर्लंडमध्ये, क्लोनडॉकिनला, आमच्या घरांच्या मधोमध हा हॉल आहे. घरं नवीन होती तेव्हा पहिल्या रहिवाशांनी वर्गणी काढून तो बांधला, असं सांगतात. मंगळवारी आणि गुरुवारी सकाळी म्हातारी माणसं तिथे चहाला जमतात, दुपारी शाळा सुटलेली मुलं थांबतात. माझा मुलगा आणि सून दिवसभर कामावर असतात, नात शाळेत. हॉलकडे जाताना मोठा रस्ता ओलांडावा लागत नाही, म्हणून तिथे मी एकटी जाते. बाकी कुठेही जायचं तर मला कुणीतरी गाडीत घालून न्यावं लागतं, सामानासारखं. हॉल गेला तर माझ्या वाट्याला खिडकी उरते, आणि खिडकीतून शेजाऱ्यांच्या कचऱ्याच्या पेट्या दिसतात. हे आधीच सांगते, म्हणजे पुढे मी सभेत उठले ते कशासाठी, हे कळेल.

बाई काळी, उंच, माझ्याच वयाची, डोक्याला कायम रंगीत फडकं बांधलेलं. तिची मुलगी नास गावच्या इस्पितळात नर्स आहे. दुसऱ्या वेळी भेटली तेव्हा ती एकदम म्हणाली, "केम छो, बेन?"

मी दचकले. "तुला हे कुठून येतं?"

ती मूळची आफ्रिकेतली, झांबियाची. तांब्याच्या खाणींचं गाव. लहानपणी तिथल्या एका गुजराती दुकानात ती कामाला होती. तेव्हापासून आमचं बोलणं तिच्या मोडक्या गुजरातीत, माझ्या मोडक्या हिंदीत आणि दोघींच्या कसल्याशा इंग्रजीत चालतं.

"मी गुजराती नाही," मी सांगितलं.

"तुमचं दुकान नाही?"

"नाही."

"मग कसली इंडियन?" ती म्हणाली. थोड्या वेळाने म्हणाली, "तुमचे लोक तेल मागच्या खोलीत ठेवायचे आणि संपलं म्हणून सांगायचे."

"ते माझे लोक नव्हेत. आम्ही पुढच्या बाजूला रांगेत असायचो."

यावर ती हसली. पण मी दिलेला लाडू तिने आधी फोडून आत काय आहे ते पाहिलं, मग खाल्ला.

पुढच्या गुरुवारी तिने मक्याच्या पांढऱ्या पिठाचा घट्ट गोळा आणि सुकवलेली बारीक मासळी डब्यातून आणली. वास थेट आमच्या सुकटीचा. खाण्याआधी ती एक जग आणि भांडं घेऊन आली आणि माझ्या हातांवर पाणी घालायला लागली. मला राग आला. माझे हात काय घाण आहेत? मी तसं विचारलं. ती म्हणाली, पाहुण्याचे हात धुतल्याशिवाय आमच्याकडे वाढत नाहीत. मी हात धुतले, पण मनात म्हटलं, खरं की बनवून सांगते कोण जाणे. मुलगी तिला न्यायला आली तेव्हा तिलाही विचारून घेतलं. खरं होतं.

मी चौथी शिकले. देशांचा इतिहास मला पुस्तकातून ठाऊक नाही. झांबियाचा जो काही ठाऊक आहे तो या बाईने सांगितलेला आहे, आणि तिचंही सगळं मी जसंच्या तसं घेतलं नाही.

"खाणीचं घर, खाणीचा दवाखाना, खाणीची शाळा," ती सांगायची. "घरातला दिवा गेला तर खाणीचा माणूस येऊन नवा लावून जायचा."

"साधा दिवा?"

"साधा."

मला आधी थाप वाटली. मग आठवलं, आमच्याकडेही तसंच होतं. माझे यजमान सहकारी साखर कारखान्यात बॉयलरवर होते. आम्ही कारखान्याच्या कॉलनीत राहायचो. नळ गळला तरी कारखान्याचा फिटर यायचा.

"गोऱ्यांच्या राज्यातही असंच?" मी विचारलं.

"तेव्हा तांबं बाहेर जायचं आणि पैसाही बाहेर जायचा. माझा बाप जमिनीखाली, गोरा साहेब वर. स्वतंत्र झाल्यावर काही वर्षांनी सरकारने निम्म्याहून जास्त वाटा स्वतःकडे घेतला. तेव्हा आम्ही रस्त्यात नाचलो."

"मग बिघडलं कुठे?"

"तांब्याचा भाव पडला. तांबं आमचं, भाव लंडनला ठरायचा. तेल महागलं. सरकारने कर्ज काढलं, भाव परत चढेल म्हणून. चढला नाही."

"आणि पुढाऱ्यांनी काही खाल्लं नाही?"

"खाल्लं."

"किती?"

"बेन, मी काय ताट धरून उभी होते?"

मग मक्याच्या पिठाची गोष्ट. तिकडे पीठ म्हणजे जेवणच. सरकार ते स्वस्तात देत होतं. कर्ज देणाऱ्यांनी सांगितलं, हे बंद करा. भाव एकदम दुपटीच्या वर गेला. लोकांनी दुकानं फोडली, गोळ्या चालल्या. ती लहानपणी कामाला होती ते दुकानही फुटलं.

"तू होतीस त्यात?"

तिने चहाचा घोट घेतला. "पीठ चांगलं होतं," ती म्हणाली.

एकाच पक्षाचं राज्य होतं, एकच पुढारी वर्षानुवर्षं. लोक कंटाळले. निवडणूक झाली तेव्हा नवे लोक म्हणाले, सरकारी कारखाने, खाणी, सगळं विकू, मग रांगा जातील.

"विकणार म्हणून आधी सांगितलं?"

"सांगितलं."

"आणि तरी तुम्ही मतं दिलीत?"

"रांगेत उभं राहून पाय सुजले होते, बेन."

खाणी विकल्या. तिच्या नवऱ्याचं काम गेलं. खाण त्याचं देणं लागत होती, त्यात राहतं घरच त्याच्या नावावर करून दिलं. "घर आमचं झालं," ती म्हणाली, "पण दिवा बदलायला कोणी येईना." खाणी विकून झाल्या आणि मग काही वर्षांत तांब्याचा भाव चढला.

"घेतल्या कुणी?"

"बाहेरच्यांनी. तुमच्या देशातलेही होते."

"ते माझे लोक नव्हेत."

"तुमचे लोक कधीच कोणी नसतात," ती म्हणाली.

मग मी तिला आमच्या कारखान्याचं सांगितलं. यजमानांचा उसाचा तुकडा होता, म्हणून ते सभासदही होते. वर्षाची सभा मांडवात व्हायची. कोणी एक जण विषय वाचायचा आणि त्याचं वाक्य संपायच्या आत पुढचे ओरडायचे, "मंजूर, मंजूर!" मागच्यांना ऐकूच यायचं नाही, तेही ओरडायचे. एका वर्षी कारखान्याचा एक बॉयलर बंद होता, दुरुस्तच करत नव्हते. पुढच्या वर्षी म्हणाले, कारखाना आजारी आहे, चालवायला द्यावा लागेल. मंजूर. त्यानंतर विकला. घेणारा चेअरमनचा जावई निघाला. चालवायला द्यायचं ठरलं त्या दिवशी यजमान घरी आले तेव्हा मी विचारलं, काय काय मंजूर केलंत? ते म्हणाले, जेवणात जिलबी होती.

बाई खदाखदा हसली. मग तिने मूठ वर केली. त्यांच्याकडे पुढारी अर्धी घोषणा द्यायचा आणि उरलेली अर्धी लोक. "ऐकायचं काय त्यात? पाठच होतं."

हे सगळं आम्ही अंगात कोट घालून बोलत होतो. कारण थंडी सुरू होताच हॉलचं हीटिंग बंद पडलं होतं. हॉलची कमिटी आहे, तिचा प्रमुख एक निवृत्त आयरिश माणूस. गोड बोलतो, दार उघडून धरतो, माझ्या सुनेची चौकशी करतो. हीटिंगचं विचारलं की म्हणायचा, "इट'ल बी ग्रँड." इथे कशालाही ग्रँडच म्हणतात. पाय मोडला तरी ग्रँड. हॉलच्या समोरच्याच घरात एक प्लंबर राहतो. त्याच्या गाडीवर नळाचं चित्र आहे, ते मला अक्षर न वाचता कळतं. त्याला कोणी बोलवेना.

म्हातारी माणसं यायची कमी झाली. ख्रिसमस झाल्यावर प्रमुख म्हणाला, माणसं येत नाहीत, खर्च परवडत नाही. बाहेरची एक कंपनी हॉल घ्यायला तयार आहे. ती सगळं नवीन करेल, आपल्यालाही मधूनमधून वापरायला मिळेल. सगळ्यांची सभा घेऊन ठरवू.

मी बाईला म्हटलं, "पाणी कुठेतरी मुरतंय. आधी आजारी पाडायचं, मग विकायचं."

तिला ते पटलं नाही. "आमच्या खाणीचे पंप खरंच बंद पडले होते. सुटे भाग परदेशातून आणायला पैसे नव्हते."

"पैसे नव्हते, की पंप बंद पडू द्यायचे होते?"

तिने कप खाली ठेवला. "तेव्हा मी हे कुणाला विचारलं नाही."

"आता विचार."

"आता कुणाला?"

घरी मुलाला सांगितलं तर तो म्हणाला, "आई, तुला सगळीकडे कटच दिसतो. साधा माणूस आहे गं तो."

"चेअरमनही साधाच होता. धोतर नेसायचा."

"तू सभेत काही बोलू नकोस. प्लीज."

संध्याकाळच्या सभेला आम्ही सगळे गेलो. नात माझ्या एका बाजूला, बाई दुसऱ्या बाजूला, मुलगा आणि सून मागे. प्रमुख बोलत होता आणि नात माझ्या कानात सांगत होती, अर्धं मराठी, अर्धं इंग्रजी. कंपनी कोणाची हे तो सांगत नव्हता. मी नातीला दोनदा विचारलं. "ही डिडंट से, आजी," ती म्हणाली.

शेवटी त्याने हात जोडल्यासारखे केले आणि विचारलं, सगळे खूश ना? ग्रँड?

आणि लोक म्हणायला लागले, ग्रँड, ग्रँड. कोणी मान खाली घालून, कोणी कोटाची बटणं लावत. इथली माणसं ओरडत नाहीत, एवढाच फरक. मला तो मांडव दिसायला लागला.

बाईने मला कोपराने ढोसलं. "बेन. हेच ते."

मी उठले. "नॉट ग्रँड," मी म्हटलं.

सगळ्यांनी वळून पाहिलं. मागून मुलगा "आई" म्हणाला. नातीने माझा कोट ओढला, "आजी, सिट डाउन!" मला पुढचं इंग्रजी येत नव्हतं, होतं तेवढं वापरलं. "हीटर ब्रोकन. प्लंबर देअर." मी काचेतून समोरच्या घराकडे बोट केलं. "व्हाय नो कॉल? कंपनी, हू?"

प्लंबर सभेतच बसला होता. तो म्हणाला, मला कोणी विचारलंच नाही. काही जण हसले. मग पुढच्या रांगेतल्या एका आयरिश म्हातारीने विचारलं, हो, खरंच, कंपनी आहे तरी कोणाची? प्रमुखाचा चेहरा तसाच हसरा होता, कान मात्र लाल झाले. तो म्हणाला, सगळी माहिती पुढच्या सभेत देतो. निर्णय तोपर्यंत पुढे ढकलला.

मुलगा घरी येईपर्यंत माझ्याशी बोलला नाही. सून चहा देताना म्हणाली, "आई, बरं केलंत," पण त्याला ऐकू जाणार नाही इतक्या हळू.

शनिवारी प्लंबरने हीटिंग चालू करून दिलं. बिघाड लहान होता की मोठा, हे मी नातीला विचारायला लावलं. तो म्हणाला, यंत्र जुनं आहे, पण चालेल. यावरून मला काही ठरवता आलं नाही. बिघाड मुद्दाम ठेवला होता, की प्रमुख नुसता आळशी आहे? दुसरंही असू शकतं. मी पहिलं सोडलेलं नाही.

गुरुवारी हॉल गरम होता. माणसं जास्त आली होती. बाईने डबा उघडला, माझ्या हातांवर पाणी घातलं. मी तिला विचारलं, "इंग्रजी तुला माझ्यापेक्षा येतं. मग मला ढोसून तू का बसून राहिलीस?"

"मी एकदा मत दिलंय, बेन," ती म्हणाली. "आता तुझी पाळी होती."

"म्हणजे वाईटपणा माझ्याकडे आणि हीटिंग दोघींना."

"मासळी खा."

मी खाल्ली. मग म्हटलं, पुढच्या सभेत तो कंपनीचं नाव सांगेल, तेव्हा ती कंपनी त्याची कोण लागते, हे तू उठून विचारायचंस. मी बसणार.

"बघू," ती म्हणाली.

तिच्या मुलीला मी हे सांगून ठेवलं आहे.