मी उठून बाहेर गेलो

पाटबंधारे खात्यात मी कारकून होतो. त्या दुष्काळाच्या साली आमच्या कार्यालयाला मोजायला पाणीच उरलं नव्हतं. लाचलुचपतवाल्यांनी पंच म्हणून माणूस मागितला, तेव्हा आमच्या साहेबांनी मान वर न करता माझं नाव सांगितलं. मी ‘हो साहेब’ म्हणालो. वीस वर्षांच्या नोकरीत दुसरं काही म्हटल्याचं मला आठवत नाही.

तक्रार एका बाईंची होती. बायकांच्या दूध संस्थेच्या त्या सचिव. संस्थेनं गावाबाहेर चारा छावणी चालवली होती आणि तिचं बिल तहसीलच्या अव्वल कारकुनानं अडवून धरलं होतं. बाई पन्नाशीच्या, डोक्यावर पदर, बोलताना नजर थेट समोरच्याच्या डोळ्यांत.

‘तीन महिने झाले, त्याच्या म्होरं जाऊन बसते,’ त्या मला म्हणाल्या. ‘त्यो म्हनतो, बाहेर व्हा. मी बसून ऱ्हाते.’

पथकाच्या अधिकाऱ्यानं नोटांना पावडर लावली आणि मला बजावलं, ‘बाईंची पाठ सोडायची नाही. पैसे घेतले एवढं पाहून भागत नाही. त्यानं तोंडानं मागितले, हे तुमच्या कानांनी ऐकायला हवं. कोर्टात केस त्याच्यावरच उभी राहते.’ आवाज टिपणारी यंत्रं तेव्हा आमच्याकडे आली नव्हती. माझे कान हाच काय तो पुरावा.

कचेरीत बाईंनी मला चुलत दीर म्हणून सांगितलं. अव्वल कारकून छान हसला. ‘पाव्हणे, तुमी बाहेर बसा जरा. चहा सांगतो.’

आणि मी उठलो! आजही ते आठवलं की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते. खुर्चीतला माणूस बाहेर बसा म्हणाला की आमचे पाय डोक्याला न विचारता चालू लागतात. व्हरांड्यातल्या चहावाल्यानं कप हातात दिला, त्याचा चटका बसला, तेव्हा मी कुठं उभा आहे ते मला कळलं. परत आत शिरायला तोंड नव्हतं. खिडकीतून दोघांचे ओठ हलताना दिसले, मग त्याचा हात पुढं आला, नोटा टेबलाच्या खणात गेल्या. बाईंनी ठरल्याप्रमाणे पदर सारखा केला आणि पथक आत घुसलं.

त्याची बोटं पेल्यातल्या पाण्यात बुडवली, पाणी गुलाबी झालं. ते पाणी पथकानं कॅनमधून सोबत आणलं होतं, कारण कचेरीचा नळ महिनाभर कोरडा होता. पंचनामा लिहिता लिहिता सांज झाली. त्यात एक वाक्य होतं की आरोपीनं पंचासमक्ष पैशांची मागणी केली. ते वाचून माझं पेन थांबलं.

‘करा सही, उशीर झालाय,’ अधिकारी म्हणाला. साहेबच तो. मी केली.

खटला उभा राहायला काही वर्षं गेली. बाईंनी बळंच आपल्या हातात नोटा कोंबल्या, असं आरोपी सांगत सुटला होता, आणि गावाला ते पटलंही होतं. संस्थेत दूध घालणाऱ्या बायका एकेक करून गळाल्या. साक्षीच्या दिवशी कोर्टाच्या व्हरांड्यात बाई भेटल्या.

‘लोकं मला खोटारडी म्हनत्यात,’ त्या म्हणाल्या. ‘तुमी दारातच व्हता. ऐकलं असंलच की.’

त्यांच्या खांद्यावरून मला आरोपीचा वकील दिसत होता, आणि त्याच्याशेजारी तो चहावाला. ‘ऐकलं’ म्हणालो तर हा माणूस माझ्यानंतर येऊन, मी तेव्हा व्हरांड्यात चहा घेत होतो, हे सांगणार होता. खरेपणाचा मला मोठा पुळका होता असं नाही. खोटी साक्ष, निलंबन, पेन्शन, एवढंच डोक्यात गरगरत होतं.

सरकारी वकिलांनी विचारलं, ‘आरोपी काय म्हणाला?’ बाई मागच्या बाकावर पुढं वाकून बसल्या होत्या.

‘मी ऐकलं नाही,’ मी म्हणालो. ‘मी बाहेर होतो.’

सरकारी वकिलांनी कागद खाली ठेवला. न्यायाधीशांनी चष्म्यावरून पाहिलं. ‘बाहेर का गेलात?’

‘साहेब म्हणाले, बाहेर बसा.’

मागं कुणीतरी फिस्सकन हसलं. माझं उत्तर जसंच्या तसं टाइप झालं.

मागणी सिद्ध होत नाही, एकट्या बाईंच्या शब्दावर शिक्षा देता येणार नाही, म्हणून तो सुटला. निकालाला मला कुणी बोलावलं नव्हतं, तरी मी गेलो होतो. बाहेर त्याच्या गळ्यात हार पडत होते. बाई पायरीवर बसून चपलेचा अंगठा नीट करत होत्या. मी समोर जाऊन हात जोडले. त्या रागावतील, रडतील, असं वाटलं होतं. त्यांनी चप्पल पायात घातली आणि उठल्या.

‘मला तीन महिने म्हनत व्हता, बाहेर व्हा,’ त्या म्हणाल्या. ‘तुमाला एकदाच म्हनला.’