उल्काताई आणि पहिलं नको

उलरिके ब्रांट हे नाव टेक्सासमधल्या अर्विंग गावच्या मराठी मंडळींच्या जिभेवर काही बसेना, म्हणून महिन्याभरात तिची उल्काताई झाली. बाई मूळची जर्मनीतल्या ब्रेमेनची, धंदा स्वतंत्रपणे सिनेमे काढण्याचा. स्वतंत्रपणे म्हणजे निर्माती तीच, गाडी हाकणारी तीच आणि शूटिंगला चहा देणारीही तीच! सव्वीस वर्षांत चार सिनेमे. एकाला कुठल्याशा महोत्सवात बक्षीस मिळालं, तेव्हा टाळ्या वाजवायला अकरा माणसं होती. त्यातली दोन चुकून शिरलेली.

नकार पचवण्यात मात्र बाईचा हात धरणारं कुणी नव्हतं. कुणी नाही म्हटलं, की थँक यू म्हणायचं आणि पुढचं दार ठोठावायचं. रडगाणं नाही, मनधरणी नाही.

पाचवा सिनेमा होता लेकीकडे टेक्सासला राहायला आलेल्या एका आजोबांचा. सगळं जुळलं, आजोबा तेवढे मिळेनात. सोमवारपर्यंत शूटिंग सुरू झालं नाही, तर कॅमेरामन दुसऱ्या कामावर निघणार होता. तो गेला की सिनेमा बुडालाच म्हणायचा.

बाईच्या मनात भरले होते मनोहरकाका. अर्विंगच्याच चारुताचे वडील, लेकीकडे राहायला आलेले, मूळचे नागपूरचे, झुपकेदार मिशांचे. बुधवारी तिने संवादांचे कागद त्यांच्या हातात ठेवून विचारलं. काका म्हणाले, "छे हो, मी कसला नट! फाइंड समवन बेटर."

बाईने थँक यू म्हणून यादीतलं नाव खोडलं. मग विनयकाका, मग राजारामकाका. जो तो "नको, नको"!

शनिवारी ती रडवेल्या चेहऱ्याने सुवर्णाच्या किराणा दुकानात निरोप घ्यायला गेली. सगळं ऐकून सुवर्णाने कपाळावर हात मारला.

"अगं बाई! एकदाच विचारलंस? आम्ही पोळी वाढतानासुद्धा दोनदा नको म्हणतो यार! पहिल्या फटक्यात हो म्हटलं, तर माणूस हावरट दिसतो."

"म्हणजे नको म्हणजे हो?"

"नको म्हणजे अजून एकदा विचारा. जा, आग्रह कर!"

बाई तडक चारुताच्या घरी. दार काकांनीच उघडलं. कडक इस्त्रीचा सदरा, गुळगुळीत दाढी, मिशीला ताजा कलप.

"बुधवारपासून असेच तयार बसलेत," चारुता मागून म्हणाली.

"काका, प्लीज. मला तुम्हीच हवे आहात."

"नको हो."

थँक यू अगदी ओठांवर आलं होतं. बाईने ते गिळलं आणि सरळ पायरीवर बसकण मारली. "तुम्ही हो म्हणेपर्यंत मी हलणार नाही!"

"आता एवढं म्हणताच आहात, तर..." असं म्हणत काकांनी उभ्याउभ्या सगळे संवाद धडाधड म्हणून दाखवले. एक शब्द चुकला नाही. बाईला इतका आनंद झाला, की तिला हसू आणि रडू एकदमच फुटलं.

"पण काका, मी परत आलेच नसते तर?"

काका शेजारी पायरीवर टेकले. "नागपुरात मी तीस वर्षं नाटकांचा पडदा ओढला, ताई. एकदा नाटकवाल्यांनी मला भूमिका करणार का, असं विचारलं होतं. मी रीतीप्रमाणे नको म्हटलं."

"मग?"

"ते म्हणाले, बरं."