अक्कांचा अंदाज

"तुमी निस्ता हात फिरवा, मार मी खाते." मारणारा नट नवा असला की अक्का त्याचा हात धरून स्वतःच्या गालापासून वीतभर लांब ठेवायच्या आणि हे सांगायच्या. मग शॉटमध्ये हात नाकासमोरून गेला की मान अशी झटकायच्या, की थप्पड खरंच बसली असं बघणाऱ्याला वाटावं.

तुम्ही त्यांना नक्की पाहिलंय. नाव ठाऊक नसेल; पडद्यावर ते कधी नीट आलंच नाही. पाटलानं केस धरून अंगणातून फरफटत नेलेली विधवा, नवऱ्यानं लाथेनं चुलीवर ढकललेली बायको, विहिरीत लोटलेली सासू, या सगळ्या अक्काच. कोल्हापुरात तीस वर्षं त्यांनी हेच काम केलं.

"कंटाळा येत नाही?" मी एकदा जेवताना विचारलं.

"येतोय की. पर हिरोईनला कोन मारंल? तिचं त्वांड म्हाग हाय." भाकरीचा घास तोंडात टाकून त्या हसल्या.

कोपर दोनदा फुटलेलं, खुब्याला कायमची कळ. पण गालाला कुणाचं बोट लागलेलं नव्हतं, आणि हे त्या कुणालाही थांबवून सांगायच्या. "अंदाज हाय तवर धंदा हाय."

बारा वर्षांपूर्वी पेठ वडगावकडच्या एका गुऱ्हाळावर चित्रीकरण होतं. मी सहायक दिग्दर्शक. खलनायक तालमीतून आलेला पैलवान, त्याचा पहिलाच चित्रपट. ऊन उतरत होतं आणि दिग्दर्शकाला कॅमेरा बाजूनंच हवा होता. बाजूनं बघितलं की हात आणि गाल यांतलं अंतर उघडं पडतं. दोन टेक वाया गेले. मी पैलवानाला बाजूला घेतलं. "या खेपेला खरी लाव. अक्काला मी सांगतो."

मी सांगितलं नाही. सांगितलं तर त्या सावध होतील, चेहऱ्यावर खरी भीती दिसणार नाही, असा माझा हिशेब.

अक्का ठरलेल्या जागी, ठरल्यासारखी मान धरून उभ्या राहिल्या. पैलवानाचा पंजा थेट कानावर बसला. ओल्या पोत्यावर दांडकं हाणल्यासारखा आवाज झाला. त्या उसाच्या रसाच्या रिकाम्या काहिलीवर आदळून खाली कोसळल्या. कानातून रक्त पदरावर उतरत होतं, आणि त्या विचारत होत्या, "घेतला का शॉट?"

घेतला होता.

पैलवान रडायला लागला. त्यानं बोलायला तोंड उघडलं, तसा मी त्याचा दंड आवळला. अक्कांनीच त्याची पाठ थोपटली. "तुजी चूक न्हाय, लेकरा. माजाच अंदाज चुकला."

त्या कानानं पुन्हा ऐकू आलं नाही. पण काम सुटलं ते त्यामुळं नाही. पुढच्या चित्रपटात समोरच्यानं हात उचलला आणि अक्का डोकं दोन्ही हातांत घेऊन खालीच बसल्या. दुसऱ्या टेकला तेच. तिसऱ्यालाही. "अंदाज गेला माजा," म्हणाल्या, आणि जयसिंगपूरला लेकीकडं निघून गेल्या. एसटीत मीच बसवून दिलं. तेव्हाही गप्प राहिलो.

गेल्या महिन्यात त्या थपडेचा तुकडा मोबाईलवर फिरत माझ्यापर्यंत आला. खाली लोकांनी हसण्याची चित्रं टाकली होती. दुसऱ्या दिवशी मी जयसिंगपूर गाठलं.

त्यांच्या चांगल्या कानाशी वाकून सगळं सांगितलं.

"म्हंजे माजा अंदाज चुकला नव्हता?"

"नाही, अक्का."

शिव्या खायची माझी तयारी होती. त्यांनी आत हाक मारली. "पोरी, भाईर ये. सांगा हिला."

मी लेकीला सांगितलं. मग अक्कांनी दारात उभं राहून शेजारणींना हाका घातल्या. ओले हात पदराला पुसत चार-पाच जणी जमल्या.

"सांगा. मोट्यानं."

पुन्हा सांगितलं. एकीनं तोंडावर हात घेतला. "अगं बया! आनि बारा वर्सं ह्यो गप बसला व्हय?"

मी मान वर केली तेव्हा अक्का तिथं नव्हत्या. लेकीनं माझ्यापुढं कप ठेवला.

"आई म्हनती, चा पिऊन जावा. आनि परत येऊ नगा."

सगळ्या बघत असताना मी तो चहा प्यालो.