दीक्षेपासून मोजलेलं वय

आम्ही बौद्ध माणसं. चमत्कार आम्ही मानत नाही आणि कुणी सांगू लागला तर मी पहिल्यांदा उठून चहा ठेवायला जाते. त्यामुळे हा अनुभव लिहावा की नाही, याबद्दल बरेच दिवस माझं मन कच खात होतं. शिवाय यात मला जे मिळालं, त्याहून जे हातचं गेलं त्याचीच आठवण जास्त येते.

नालवाडीच्या आमच्या विहारातून लुंबिनीला जायचं ठरलं, तेव्हा सर्वांत आधी नाव दिलं ते माझ्या सासूबाईंनी. त्यांना मी आईच म्हणते. तथागत जिथे जन्मले ती जागा एकदा डोळ्यांनी पाहायची, एवढंच त्यांचं मागणं होतं. कागदपत्रांचं काम माझ्याकडे आलं. नेपाळला जायला आपल्याला व्हिसा लागत नाही, पण पासपोर्ट किंवा मतदार ओळखपत्र लागतं. आधार चालत नाही. मात्र पासष्टी ओलांडलेल्यांना आधारवर जाता येतं. हे सगळं मी दोनदोनदा विचारून घेतलं होतं. आईंनी सत्तरी केव्हाच ओलांडलेली. त्यांचं मतदार कार्ड पेटीच्या तळाशी होतं, ते कोण काढत बसणार? आधार पर्समध्ये टाकलं आणि मोकळी झाले. माझा स्वतःचा पासपोर्ट तेवढा जपून घेतला.

गोरखपूरपर्यंत रेल्वेने आणि पुढे बसने आम्ही सीमेवर पोचलो. तपासणीच्या टेबलावरच्या माणसाने आईंचं आधार उलटसुलट करून पाहिलं आणि वय कमी भरतं म्हणाला. मला वाटलं, त्याच्या वाचण्यात चूक झाली. मी कार्ड हातात घेतलं, जन्माचं साल पाहिलं आणि एकदम सगळं ध्यानात आलं.

आईंचं माहेर जामजवळच्या एका खेड्यातलं. त्या गावच्या लोकांनी दीक्षा घेतली ती नागपूरच्या सोहळ्यानंतर काही वर्षांनी. आई तेव्हा चांगल्या चालत्याबोलत्या होत्या, बापाचं बोट धरून त्या कार्यक्रमाला गेल्या होत्या. पुढे कुणीही जन्मसाल विचारलं की त्या दीक्षेचंच साल सांगत. आधारच्या शिबिरातही त्यांनी तेच सांगितलं असणार. घरात आम्ही यावर त्यांची थट्टा करायचो, "आई, तुम्ही तर आमच्यापेक्षा लहान व्हाल," म्हणायचो. ती गोष्ट कार्डावर छापली गेली असेल, हे मात्र माझ्या डोक्यात कधी आलंच नाही.

तो माणूस वाईट नव्हता. आईंच्या सुरकुत्या त्यालाही दिसत होत्या. "अम्मा, सच्ची उमर बता दो. सत्तर की हो ना? बोल दो, मैं जाने देता हूँ."

मी त्यांच्या कानाशी लागले. म्हटलं, आई, सत्तर म्हणा, ते खरंच आहे.

आईंनी माझ्याकडे पाहिलं. "सत्तर म्हणलं तं मंग आधीचं बी माह्याच अंगाले लागते. त्याच्या आधी आमी मानसात होतो कुठं? कार्डावर हाय तेच माहं वय."

त्या माणसाने हात जोडून आम्हाला बाजूला व्हायला सांगितलं. मागे रांग खोळंबली होती. मी परत फिरायला निघाले, तर आईंनी मला अडवलं. "तू जाय. मी बसीन इथं. तू पायलं म्हंजे मी पायलं." विहारातल्या बायकांनीही घाई केली आणि मी गेले.

लुंबिनीबद्दल मी काय सांगू? मंदिरात जन्मस्थानाच्या शिळेभोवती लोक शांतपणे सरकत होते, आणि माझं चित्त मागे सीमेवर होतं. आईंनी काही खाल्लं असेल का, त्यांना पाणी कुणी दिलं असेल का? लहानपणापासून तोंडपाठ असलेली वंदना मी ऐन तिथे मध्येच विसरले.

ऊन उतरल्यावर परतलो, तेव्हा आई एका बंद दुकानाच्या ओट्यावर होत्या. शेजारी शेंगा विकणारी एक नेपाळी बाई. तिची टोपली बाजूला झाकून ठेवलेली, आणि प्रवासाने सुजलेले आईंचे पाय तिने मांडीवर घेऊन चोळायला घेतलेले. मला पाहून ती हसली, टोपली डोक्यावर घेतली आणि सीमेपलीकडे निघून गेली. तिचं नाव विचारायचं मला सुचलंही नाही.

"पायलं?" आईंनी विचारलं.

"हो."

"मंग झालं. मी बी मजेत होती. तिले माह्यी बोली समजे ना अन् मले तिची. वंदना तेवढी दोघींले येत होती. तेच म्हनत बसलो दिवसभर. माहं मन लई निवलं, बापा." त्यांचा चेहरा खरोखरच निवलेला होता. लुंबिनी पाहून आलेली मी, मला मात्र रडू आवरेना.

यंदा कार्डावरही त्यांना पासष्ट पूर्ण झाली. आमच्या ह्यांनी उत्साहाने सांगितलं, "आई, आता तुले आधारवर जाता येते." अंथरुणात पडल्यापडल्या आई हसल्या. "सरकारनं देल्ली परवानगी, आता पायानं नाई देल्ली."

त्या अनोळखी बाईला मी रोज मनातून वंदन करते. तिला कुणी पाठवलं, या वादात मी पडत नाही. आली, हे माझ्यासाठी पुरेसं आहे. जिथे थांबवलं तिथेच मन शांत करून बसायचं, हे आईंना जमलं. मी कागद घेऊन पुढे गेले. लुंबिनी राहिली असती तर राहिली असती. त्या ओट्यावर आईंचे पाय मांडीवर घेऊन मी बसायला हवं होतं.