तो पळाला

सातासमुद्रापलीकडच्या पामर्स्टन नॉर्थमध्ये सुलेखाची शेजारीण होती नजवा. सीरियाहून आलेली, घरी बसून शिवणकाम करणारी. पहिल्याच भेटीत कुंपणापलीकडून तिने हळूच सांगितलं होतं, "त्यांच्यामुळे आले मी इथे." 'त्यांच्यामुळे' म्हणताना आधी इकडेतिकडे बघून घेतलं.

सुलेखाला कौतुकच वाटलं. तिच्या आईनेही जन्मात कधी नवऱ्याचं नाव घेतलं नव्हतं. "मीसुद्धा यांच्यामुळेच आले हो," ती म्हणाली. प्रमोदला इथल्या संशोधन संस्थेत नोकरी लागली होती.

"कसे आहेत ते?" सुलेखा अधूनमधून विचारी.

"ठणठणीत. त्यांना काय धाड भरलीय!"

नवरा कामासाठी दूर असेल, म्हणून रुसली असेल बिचारी, असं समजून सुलेखा रोज दिवा लावताना 'त्यांच्या'साठी उदंड आयुष्य मागायची.

डिसेंबरातल्या एका रविवारी नजवा अनवाणीच धावत आली. "सुलू, तो पळाला!"

"अगं बाई! कुणाबरोबर?"

नजवाने सरळ आत येऊन टीव्ही लावला.  लोक दोर बांधून एक पुतळा खाली खेचत होते.

सीरियात आधी बापाने बंदुकीच्या जोरावर सत्ता बळकावली, बापामागून मुलगा बसला; तोच आता पळाला होता. नजवाच्या शाळेत रोज सकाळी बापाचा जयजयकार व्हायचा, लग्नानंतर नवऱ्याच्या पावाच्या दुकानात मुलाची तसबीर लावावी लागली. त्यांचं नाव घ्यायची सोय नाही, शेजारीच जाऊन पोलिसांना कळवायचे. तिच्या नवऱ्याने, यासीनने, मोर्चातल्या पोरांना आपल्या भट्टीतले पाव वाटले. त्याच आठवड्यात पोलिसांनी त्याला उचललं. तिकडे राहिलेल्या भावाला त्रास नको म्हणून तिने यासीनचंही नाव गिळलं.

आपण इतकी वर्षं कुणासाठी आयुष्य मागत होतो हे सुलेखाला आत्ता कळलं.

तुरुंग उघडले. उजेडाने डोळे मिचकावत माणसं बाहेर येत होती. नजवा सुलेखाच्या टीव्हीपुढून हलेना. प्रत्येक दाढीत, प्रत्येक खांद्यात ती यासीनला शोधत होती. शेवटी भावाचा फोन आला.

"तळघरापर्यंत जाऊन पाहिलं म्हणतो. आता आत कुणीच नाही."

ती रडली नाही. म्हणाली, "सुलू, तुझ्या दिव्यापाशी त्याचं नाव घे."

सुलेखाने निरांजन पेटवलं आणि तिचा हात अडला. गेलेल्या माणसासाठी वातीचं तोंड दक्षिणेला करतात. नजवाची नजर तिच्या हातावरच होती.

सुलेखाने निरांजन रोजच्यासारखं पूर्वेकडे वात करून ठेवलं.

"यासीन."

"मोठ्यांदा," नजवा म्हणाली. "अजून मोठ्यांदा घे."